फरशी बँकेची

“या जगात माणसाचं स्वतःचं असं काहीच नसतं, सर,” असं माझे शेजारी आपल्या दारात उभे राहून म्हणत. आवाज खर्जातला, भुवया किंचित वर. नवखा पाहुणा हे ऐकून गंभीर व्हायचा, क्वचित मानही डोलवायचा. त्यांना एवढंच सांगायचं असे की चपला बाहेर काढा, फरशी बँकेची आहे.

बोरीवली पूर्वेला आमची चार मजली इमारत होती. मी दुसऱ्या मजल्यावर, ते तिसऱ्या. मी शाळेत इंग्रजी शिकवायचो, म्हणून अख्ख्या इमारतीचा ‘सर’ होतो. ते लिफ्टचे मेकॅनिक होते, पण आमच्या इमारतीला लिफ्टच नव्हती, त्यामुळे त्यांच्या हुशारीचा कुणाला पत्ता नव्हता. दिवसभर अंधेरी, घाटकोपरच्या टॉवरांतली लिफ्टची यंत्रं चालू ठेवून ते संध्याकाळी हत्यारांची पिशवी घेऊन जिने चढत आणि माझ्या दाराशी दम खायला थांबत. आमची मैत्री त्या दम खाण्यातून झाली.

ते मूळचे वाकोल्याचे, तिथल्या जुन्या ख्रिस्ती वस्तीतले. तीन भावांच्या संसारात त्यांच्या वाट्याला एक खोली होती. चाळिशीला आल्यावर त्यांनी कर्ज काढून बोरीवलीचा हा वन रूम किचन घेतला. नऊ लाखांचं कर्ज, वीस वर्षांची मुदत, साडेसात टक्के व्याज, महिन्याला सात हजार अडीचशेचा हप्ता. बँकेनं एका हॉलमध्ये कर्जमेळावा भरवला होता. झेंडूच्या माळा, समई, व्यासपीठावर शाल घेतलेले साहेब. साहेबांनी ‘घर म्हणजे चार भिंती नव्हेत’ या विषयावर चाळीस मिनिटं भाषण केलं आणि व्याजाच्या विषयावर दोन. हे मला त्यांनीच सांगितलं, आणि अभिमानानं सांगितलं. इतका मोठा माणूस आपल्यासाठी बोलला.

घराची मूळ कागदपत्रं बँकेनं ठेवून घेतली आणि यांच्या हातात झेरॉक्स दिली. त्या दिवसापासून ते घराकडेही झेरॉक्स असल्यासारखंच बघू लागले.

भिंतीला खिळा नाही. घड्याळ कपाटावर टेकवलेलं. येशूची तसबीर फ्रिजवर, तिच्यामागे आधाराला पावडरचा डबा. दारावर नावाची पाटी नाही. पोस्टमन नवा आला की माझ्याकडे चौकशी करी. बायको म्हणाली, किचनला जरा रंग देऊ, तर हे म्हणायचे, “बँकेला विचार.” मुलगी म्हणाली, बाल्कनीत कुंड्या टांगू या, तर “बँकेला विचार.” एकदा सेक्रेटरी वर्गणी मागायला आले. गच्चीच्या गळतीसाठी प्रत्येक घरामागे हजार रुपये. त्यांनाही शांतपणे सांगितलं, “बँकेला विचारा.” सेक्रेटरींना विनोद कळत नसे. त्यांनी तसं मिनिट्समध्ये लिहिलं.

मला वाटायचं ही गंमत आहे. अर्धी होतीही. उरलेल्या अर्ध्याची किंमत त्यांची बायको देत होती.

त्यांच्यात नव्या घरात राहायला गेलं की फादरना बोलावतात. फादर प्रार्थना करतात, खोल्याखोल्यांतून पवित्र पाणी शिंपडतात, मग चार नातेवाईक जेवतात. बाईंना ते पहिल्याच महिन्यात करायचं होतं.

“आत्ता नको गं,” हे म्हणाले. “बँकेच्या घराला आशीर्वाद घेतला तर तो बँकेला लागेल. त्यांना आधीच पुष्कळ लागलाय.”

“मग कधी?”

“शेवटचा हप्ता गेला की दुसऱ्या रविवारी.”

“वीस वर्षांनी?”

“जाताना कळत पण नाहीत वीस वर्षं.”

बाईंनी पुढे कितीतरी नाताळ मला फराळातले गोड कुलकुल आणून देताना हा संवाद ऐकवला. आधी हसत, मग नुसताच.

त्यांनी एक तक्ता केला होता. आलेखाच्या कागदावर दोनशे चाळीस चौकोन, कपाटाच्या दाराला आतून चिकटवलेले. कपाट लग्नातलं होतं, त्याच्यावर बँकेचा हक्क नव्हता. दर महिन्याच्या पाच तारखेला हप्ता कापला गेल्याचा मेसेज आला की लाल पेन्सिलीनं एक चौकोन भरायचा. मला दोनदा मुद्दाम वर नेऊन दाखवला. लिफ्टच्या पॅनेलवरचे दिवे पेटत जावेत तशी ती लाली खालून वर चढत होती.

तीन-चार वर्षांनी व्याजाचे दर वाढले. चौथ्या मजल्यावरच्या एका गृहस्थाचंही कर्ज होतं, दुसऱ्या बँकेचं. त्याचा हप्ता एकदम दीड हजारानं वाढला. तो जिन्यात उभा राहून बँकेच्या आईबापांचा उद्धार करत असे. यांचा हप्ता मात्र जागचा हलला नाही. त्यांनी इमारतीत बटाटेवडे वाटले.

“आपली बँक माणूस ओळखते, सर. याला म्हणतात झकास काम.”

आता माझा भाग सांगायला हवा. तो मी बरीच वर्षं कुणाला सांगितला नव्हता.

त्याच सुमारास बँकेचं इंग्रजी पत्र आलं. ते घेऊन ते माझ्याकडे आले. मी दहावीचे पेपर तपासत होतो. पहिल्या परिच्छेदात लिहिलं होतं की दर बदलले असले तरी आपल्या सोयीसाठी आपला मासिक हप्ता आहे तोच ठेवला आहे. ते मी त्यांना मराठीत सांगितलं. खाली आणखी एक परिच्छेद होता, बारीक टाइपातला, आकड्यांचा. त्यावरून मी नजर फिरवली.

“आणि खाली काय म्हणतात?”

“काही नाही हो. बाकी नेहमीचं आहे.”

असं मी तीन पत्रांच्या बाबतीत केलं. शाळेत मुलांनी उतारा शेवटपर्यंत न वाचता उत्तर लिहिलं म्हणून मी मार्क कापायचो.

दोनशे चाळिसावा चौकोन भरला, त्या दिवशी ते पेढे घेऊन आले. ते साठ वर्षांचे झाले होते, नोकरी त्याच महिन्यात संपली होती. पीएफ मुलीच्या नर्सिंगच्या शिक्षणात केव्हाच गेला होता. पण मुलगी आता कमावत होती, आणि घर सुटलं होतं. फादरना वेळ विचारून झाली होती. पुढचा रविवार, सकाळी अकरा. वाकोल्याहून भाऊ येणार, जेवण चाळीस माणसांचं. बाईंनी नवे पडदे शिवले होते. खिळे नसल्यामुळे ते तात्पुरते दोरीवर लटकत होते.

शुक्रवारी आम्ही दोघं मूळ कागदपत्रं आणायला बँकेत गेलो. इंग्रजीत सही-बिही करायची असेल तर असावा म्हणून मी. त्यांनी प्लास्टिकची नवी फाइल घेतली होती, बटणाची.

टेबलामागे एक तरुण अधिकारी होता. टाय, गळ्यात ओळखपत्र, बोलणं अत्यंत मऊ. त्यानं पाणी मागवलं. खाते क्रमांक टाकला, स्क्रीनकडे बघितलं, मग आमच्याकडे.

“अंकल, अजून शंभर हप्ते आहेत.”

“दुसऱ्या कुणाचं खातं उघडलंय तुम्ही.”

त्यानं नाव वाचलं. पत्ता वाचला. तिसरा मजलासुद्धा वाचला.

“मी दोनशे चाळीस भरले. एक पण चुकला नाही.”

“बरोबर आहे. तुमचा रेकॉर्ड उत्तम आहे, अंकल.”

मग त्यानं पॅडवर लिहून समजावलं, आणि चांगलं समजावलं. शिक्षक म्हणून मी त्याला नावं ठेवणार नाही. दर साडेसातावरून साडेनवाच्या वर गेला. हप्ता तोच राहिला. मग त्या सात हजार अडीचशेतले साडेसहा हजार नुसत्या व्याजात जायला लागले आणि मुद्दलातून फिटायला लागले साडेसातशे. मुद्दल हलेना, म्हणून मुदत लांबली. हप्ता वाढवून ग्राहकाला त्रास द्यायचा नाही, असं बँकेचं धोरण आहे.

“म्हणजे मी किती भरले?”

“सतरा लाख चाळीस हजार.”

“घेतले किती?”

“नऊ लाख.”

“आणि अजून?”

“चार लाख अठ्ठ्याण्णव हजार मुद्दल बाकी आहे. आज एकरकमी भरणार असाल तर लगेच कागदपत्रं देतो.”

त्यांनी फाइलचं बटण उघडलं, लावलं, परत उघडलं. मीच विचारलं, दर पुढे कमी झाले होते ना?

“झाले ना. पण ते नवीन ग्राहकांना. जुन्यांनी अर्ज करायचा असतो, थोडी फी भरून. मग त्यांचाही कमी होतो. यांनी अर्ज केलेला नाही.”

“आम्हाला कुणी सांगितलं नाही,” ते म्हणाले.

“तुम्ही कधी विचारलं नाहीत, अंकल.”

तो उद्धटपणे बोलला नाही. त्याच्या समोरच्या नोंदीत जे होतं तेच त्यानं सांगितलं. वीस वर्षं बायकोला, मुलीला, सेक्रेटरीला बँकेकडे पाठवणारा हा माणूस स्वतः बँकेत काही विचारायला एकदाही आला नव्हता. त्याला संकोच वाटायचा. मोठी माणसं, एसी, आपण ग्रीसचे हात घेऊन कशाला जा.

रिक्षात मी पत्रांचं सगळं सांगून टाकलं. खालचा परिच्छेद मी वाचला नव्हता, असं म्हणालो. त्यांनी रिकामी फाइल मांडीवरून बाजूला ठेवली.

“तुम्ही सांगितलं असतंत तर मी काय केलं असतं, सर? तुम्हाला म्हणालो असतो, तुमची काहीतरी चूक होतेय. बँक असं करणार नाही.”

हे त्यांनी मला सोडवण्यासाठी म्हटलं, हे मला कळत होतं. तरी मी सुटून घेतलं.

घरी गेल्यावर त्यांनी फादरना फोन करायला मोबाइल काढला. रविवार रद्द. मी दारातच उभा होतो. बाईंनी तो फोन त्यांच्या हातातून काढून फ्रिजवर ठेवला.

“शंभर महिने अजून थांबायचं मी?”

“घर आपलं नाही झालं अजून.”

“तुझं नसेल. माझं आहे. वीस वर्षं झाडलंय मी ते. तुझी बँक एक दिवस तरी झाडू घेऊन आली होती काय?”

फोन फ्रिजवरच राहिला. मला कुणी काही विचारलं नव्हतं, म्हणून मी खाली आलो.

रविवारी फादर आले. चाळीस माणसं दोन खोल्यांत मावली नाहीत, काही जिन्यात उभी राहिली, आणि त्यांच्यात हे. इस्त्रीचा पांढरा शर्ट, पायांत बूट. आतून प्रार्थना ऐकू येत होती. बाईंनी दाराशी येऊन एकदाच म्हटलं, “आत ये रे.” यांनी नकारार्थी मान हलवली. फादरनी बाहेरची खोली, किचन, मोरी, बाल्कनी सगळीकडे पाणी शिंपडलं. मग दारात येऊन, काही न विचारता, जिन्यातल्या या माणसावरही शिंपडलं. यांनी चष्मा काढून पुसला, बराच वेळ पुसला. जेवायला मात्र आत गेले. बूट बाहेर काढून.

त्यानंतर त्यांनी अर्ज करून, फी भरून दर कमी करून घेतला. मुदत जेमतेम वर्षभरानं आखडली. उरलेल्या हप्त्यांसाठी परत कामावर जाऊ लागले, आता ठेकेदाराकडे, रोजंदारीवर. माझ्या दाराशी दम खायला थांबत तो वेळ वाढत गेला. मी खुर्ची बाहेर ठेवायला लागलो. आता पत्र आलं की मी प्रत्येक ओळ वाचून दाखवायचो. ते ऐकायचे, “बरं” म्हणायचे. तक्त्याचं काय झालं ते मी विचारलं नाही.

दोन वर्षांनी इमारत पुनर्विकासाला गेली. सेक्रेटरींनी सभेत ‘सुवर्णक्षण’ हा शब्द सात वेळा वापरला. सगळ्यांना बिल्डरकडून भाडं मिळायला लागलं आणि आम्ही पांगलो. मी दहिसरला, ते नायगावला.

तिथे मी एकदाच गेलो. भाड्याच्या खोल्या, पण त्यांनी भिंतींना स्वखर्चानं पिवळाधमक रंग लावून घेतला होता. मी रंगाकडे बघतोय हे त्यांनी पाहिलं.

“मालकाला विचारलं, सर. समोरच राहतो. म्हणाला, लावा की.” मग म्हणाले, “माणूस असला की बरं पडतं.”

बाई आतून म्हणाल्या, “आता याला रोज काहीतरी ठोकायचं असतं. शेजारी कंटाळलेत.”

इतके मोकळे ते मला बोरीवलीत कधी दिसले नव्हते. निघताना खाली रस्त्यापर्यंत आले, रिक्षावाल्याशी भाड्यावरून घासाघीस करून मला बसवलं.

जानेवारीत त्यांना ताप आला, मग न्यूमोनिया झाला, आणि अकरा दिवसांत ते गेले. नायगावच्या चर्चमध्ये मी मागच्या बाकावर बसलो होतो. फादरनी प्रवचनात त्यांना कष्टाळू पती आणि प्रेमळ पिता म्हटलं. ते खरंच होतं. मुलगी ड्यूटीवरून थेट आली होती. हप्ता आता तिच्या पगारातून जातो. बाई अजून त्या पिवळ्या खोल्यांतच आहेत.

बोरीवलीची इमारत त्याच उन्हाळ्यात पाडली. कर्ज चालू असल्यामुळे तिसऱ्या मजल्यासाठी बँकेची लेखी संमती लागली होती. ती वेळेत आली. पत्र दोन ओळींचं होतं. बँकेची हरकत नाही, आणि इमारत पाडल्यामुळे कर्जाच्या परतफेडीवर कोणताही परिणाम होणार नाही.