अल्ताराखालचा डबा

इथे आखातात, गुदैबियातल्या आमच्या बिल्डिंगमध्ये कुणाचा रिमोट बंद पडला की त्यातले संपलेले सेल टेरेसा आंटीच्या दारी जायचे. वसईच्या या बाईला सेल कचऱ्यात टाकलेला खपायचा नाही. "पिण्याचं पाणी समुद्रातून काढायची पाळी आलीय, आणि हे विष तुम्ही मातीत पुरायला देता?" असं ती तोंडावर विचारायची. माझा नवरा तिला 'सेलवाली' म्हणायचा. पण तिच्यापुढे नाही, तेवढी त्याची टाप नव्हती.

आंटी सीफ भागातल्या एका हॉटेलात रात्रपाळीला, हाउसकीपिंगमध्ये. शेजारच्या मॉलमध्ये जुन्या सेलांची पेटी आहे. डबा भरला की ड्यूटीवर जाताना ती त्यात रिकामा करायची.

ऑक्टोबरात आमच्या ख्रिस्ती लोकांत रोझरी, म्हणजे जपमाळेची प्रार्थना, घरोघर फिरते. घरमालकाला आगीची धास्ती, म्हणून सगळ्यांच्या अल्तारावर, घरातल्या देवाच्या वेदीवर, प्लास्टिकच्या मेणबत्त्या, कोटाच्या बटणाएवढ्या सेलवर लुकलुकणाऱ्या. महिन्याअखेर त्या सेलांचा ढीग होतो. आणि आमच्यात अल्तारावरची वस्तू कचऱ्यात जात नाही, मेणबत्तीचं थोटूकसुद्धा जपून ठेवतात. आंटीने तोच नियम या सेलांना लावला. पत्र्याच्या डब्यात भरून डबा अल्ताराखालीच ठेवला. डबा नाताळात तळतात त्या गोड कुलकुलांचा. स्वच्छ होता, देवाजवळ शोभेलसा होता, म्हणून तो घेतला. अर्धाच भरला होता, म्हणून नेला नाही.

शर्लिन तिची नात. मुलगा वॉरन आणि सून प्रिसिला दिवसभर नोकरीवर, त्यामुळे पोर आजीच्याच अंगाखांद्यावर वाढलेली. अखंड टकळी चालू. "शर्लू, जेवलीस का गं?" विचारलं की कमरेवर हात ठेवून, "आय ऑलरेडी एट, आंटी." मराठी समजायचं सगळं, बोलायची मात्र एकदाच: रोझरीचा पहिला मणी सर्वांत लहानाने म्हणायचा, तो मान तिचा होता. प्रार्थनेचा पहिला अर्धा भाग ती बोबडं म्हणायची आणि उरलेला आम्ही सगळे.

नाताळ जवळ आला. आंटी सुटी घेऊन किचनमध्ये कुलकुल तळत होती. घरभर वास सुटला आणि शर्लिन आपल्या ओळखीच्या डब्याकडे गेली. ते कुणी पाहिलं नाही. संध्याकाळी तिच्या तोंडातून लाळ गळायला लागली, घास गिळेना. आंटी म्हणाली, थंडीची सर्दी आहे, आणि छातीला विक्स चोळून तिला निजवलं. सकाळी लाळेत रक्त दिसलं तेव्हा सगळे हॉस्पिटलात धावले.

एक्स-रेमध्ये गळ्याखाली पांढरी गोल चकती होती. डॉक्टर म्हणाले, "सिक्का निगल लिया है शायद."

आंटीने एकदाच तिकडे पाहिलं आणि ती खाली फरशीवर बसली. "सिक्का नहीं है, डॉक्टरसाब. मेरा सेल है."

मेणबत्ती पेटवायची ताकद संपलेल्या त्या सेलात पोरीची अन्ननलिका जाळण्याइतकी ताकद उरली होती. त्याला दोन तास पुरतात म्हणे. याला तर अख्खी रात्र मिळाली होती. जीव वाचला. पण खाणं कितीतरी महिने पोटात घातलेल्या नळीतून, आणि आवाजाच्या नसा गेल्या. आता शर्लिन बोलते तेव्हा नुसती हवा बाहेर येते.

प्रिसिला सासूवर ओरडली नाही. एवढंच म्हणाली, "मम्मी, तिला भरवायचं ते मी बघेन." ओरडली असती तर बरं झालं असतं.

बिल्डिंगवाल्यांना मात्र निमित्तच मिळालं. बघा, जमवून काय झालं, म्हणत सगळे सेल बिनधास्त कचऱ्यात टाकायला लागले. माझ्या तळपायाची आग मस्तकात जायची. आंटीने घरातलं सेलवरचं सगळं काढून टाकलं, अल्तारावर वायरचा दिवा लावला. मग चिकटपट्टी घेऊन ती दारोदार जायला लागली.

"जुबैदा, दोन्ही बाजूंनी पट्टी लाव. मुलांचा हात पुरणार नाही असं ठेव. साठवू नको, मी उद्याच्या उद्या नेते."

खालच्या मजल्यावरची जुबैदा रत्नागिरीची, तोंडाची फटकळ. पण तीही मान खाली घालून म्हणाली, "राहू दे आता, आंटी. खलास कर हे."

आंटी दारात उभीच राहिली. शेवटी जुबैदाने सेल आणून दिले.

या ऑक्टोबरात रोझरी त्यांच्या घरी आली. पहिल्या मण्यापाशी सगळे घुटमळलो. कुणीतरी आपल्या मुलाला पुढे ढकललं. आंटी म्हणाली, "मान शर्लूचा आहे."

शर्लिन उभी राहिली. तिचे ओठ हलायला लागले. तिचा अर्धा भाग कधी संपणार आणि आपण कधी सुरू करायचं, आम्हाला कुणालाच कळेना. आंटीची नजर तेवढी तिच्या ओठांवर होती. नेमक्या क्षणी तिने पुढचा भाग एकटीने सुरू केला, मग आम्ही तिच्यामागून म्हणालो.

प्रिसिला उठून किचनमध्ये गेली. नळ सोडल्याचा आवाज आला. रोझरी संपेपर्यंत पाणी वाहत होतं, आणि टेरेसा आंटी तो नळ बंद करायला उठली नाही.