बांधावर सांगायचं ते

आटपाडीच्या स्टँडसमोरचा टायपिंगवाला पहिलं पान पटल्याशिवाय कीबोर्डला हात लावत नाही. चष्मा कपाळावर ढकलून तो कागद अगदी नाकाशी धरतो. माझा शोधनिबंध त्यानं तिसऱ्यांदा परत केला.

"मॅडम, लिवलंय मेंढपाळांवर, आन सुरवात वेदकाळापासनं?"

मी चिडले. तो म्हणाला, "माजा बा कुणाच्या रानात मेंढरं बसवायच्या आदी बांधावरनंच सांगायचा, कुठनं आलो, कशापायी आलो, किती राती ऱ्हाणार. मगच मालक आत घ्यायचा. तुमी बांधावर काय सांगताय?"

तिथंच बाकड्यावर बसून मी वेदकाळ खोडला आणि लिहिलं, 'मेंढरांमागं चालणाऱ्या बायकांवर कुणी लिहिलेलं नाही. मी लिहिणार आहे.'

त्यानं ते दोनदा वाचलं, चष्मा डोळ्यांवर ओढला आणि कीबोर्ड पुढे घेतला.