वरातीपुढे उलट्या पावलांनी

मुंबईत चाळीस-चाळीस वादक माझ्या इशाऱ्यावर वाजवायचे, पण माझी खरी फजिती झाली ती मोताळ्यात, आणि तीही वरातीत! कशी म्हणता? सांगतो, आधी हातातला कप खाली ठेवा.

महाराष्ट्र तेव्हा नवा नवा होता. मीही नवा नवा. ऑर्केस्ट्रात व्हायोलिन घासता घासता नुकताच कंडक्टर झालेलो, म्हणजे पाय काही जमिनीवर नव्हते. त्यात मामेभावाचं, मधूचं लग्न निघालं. सुलतानपूरचं आमचं वऱ्हाड मोताळ्यात उतरलं. मुहूर्त गोरज, आणि ऐन वेळी बँडमास्तरची दाढ सुजली! गाल हा एवढा!

मामा कावले. "आता वरात काय मुकी नेऊ?"

"मामा, मी आहे ना!"

"तू? तुले जमन का बे?"

लागलं हो मला! माझ्या व्हायोलिनला जन्मभर किरकिर म्हणणारा हा माणूस. आज त्याला दाखवायचंच, असं ठरवलं.

आता आमच्या धंद्यात कंडक्टरचं तोंड वादकांकडे असतं. पण वरात एका जागी थांबते थोडीच? मग मी काय केलं असेल? हातात व्हायोलिनचा गज घेतला, बँडकडे तोंड केलं आणि वरातीपुढे चक्क उलटा चालायला लागलो!

आणि काय वाजवलं त्या दहा जणांनी! गज वर गेला की ट्रम्पेट गरजायचा, खाली आला की ढोल कुजबुजायचा. बँडमागे घोडीवर मधू, त्याच्यामागे वऱ्हाड. सगळे हात हलवताहेत, ओरडताहेत. मी म्हटलं, वाहवा! आणखी जोर चढवला. मामा तर दोन्ही हात डोक्यावर नेऊन उड्या मारत होते. माझे मामा, माझ्या संगीतावर! डोळे भरून आले हो माझे.

मांडवाशी शेवटचा फटकारा मारला, कमरेत वाकलो आणि ऐटीत वळलो. समोर ओवाळणीचं ताट घेतलेल्या एक बाई. त्यांच्या पलीकडे पाटावर बसलेला दुसराच नवरदेव!

"हे कोनाची वरात आनली हो?" बाई म्हणाल्या.

तेवढ्यात मामा धापा टाकत आले. "अबे, चौकापासून बोंबलून राह्यलो, इकडं नाई, इकडं नाई! मांगं पाहाले काय झालं तुले?"

आमचा मांडव गावाच्या दुसऱ्या टोकाला आणि मुहूर्ताला आठ मिनिटं! मुहूर्त हुकला असता तर मामांनी मला पुन्हा दारात उभं केलं नसतं. गल्ली अरुंद. सगळी वरात जागच्या जागी फिरली. मी गज उगारला, "दुप्पट लय! चला!"

घोडी सुटली, बँड सुटला, वऱ्हाड भिंतींना चिकटत पळालं. लोक घराघरांतून बाहेर आले, टाळ्या पडल्या! भटजी अंतरपाट उलगडत होते तेवढ्यात आम्ही दणक्यात मांडवात! एक सूर ढळला नाही की एक ठोका चुकला नाही.

मामांनी मला मिठी मारली. स्वतःचा फेटा माझ्या डोक्यावर ठेवला. "भाच्या, मानलं तुले! अशी वरात मोताळ्यानं पाह्यली नाई!"

पंगतीत शेजारी ढोलवाले किसनदादा बसले होते. मी फेटा सावरत सहज विचारल्यासारखं विचारलं, "दादा, येताना लय काय सांभाळलीत! माझा गज कसा वाटला?"

किसनदादांनी घास थांबवला.

"गज? अहो मास्तर, वरात फिरली तवा तुमी आमच्या मांगं राह्यले ना! आमी तर घोडीच्या टापा धरून वाजोलं."