पायाळू मास्तराची वीज

भिमा मास्तर जलमला त्यो पायाकडनं. म्हंजे पायाळू. आन् पायाळवावर वीज पडती, ह्ये सांगोल्याच्या माळावर करडालाबी ठावं.

आता लोकांची गंमत बघा. कुणाच्या कंबरेत उसण भरली की त्यो गडी वाकत वाकत भिमाच्या आईच्या, चिमाबाईच्या दारात यायचा. पायाळवानं पाठीत लाथ घातली की उसण जाती म्हणत्यात. चार वर्सांचं पोर, पर गावच्या पाटलालाबी लाथ घालून आलेलं हाय. असा मान दुसऱ्या कुणाच्या भावाला मिळालाय का, त्येचा थोरला भाऊ येडू इचारतो. आन् त्येच लोक, आभाळ गडगडलं की त्येला झाडाखालनं हुसकून लावायचे. उसण भरली की भिमा पायजे, आभाळ भरलं की भिमा नगं.

असल्या पोराला मेंढरामागं कोण नेणार? म्हणून थोरला येडू चौथीतनं उठून मेंढरामागं गेला, आन् धाकटा भिमा कौलाखाली ऱ्हावा म्हणून चिमाबाईनं शाळेत घातला. शिकायला न्हवं, विजंपासनं लपवायला. येडू आजबी छाती फुगवून सांगतो, आमच्या घरात सरस्वती आली ती पायाकडनं आली.

सातवीनंतर भिमा सोलापुरात बोर्डिंगात ऱ्हायला. तितं रेवणसिद्ध मास्तर भेटलं. मूळ मैंदर्गीचं, निम्मं मराठी निम्मं कानडी बोलायचं. पदार्थविज्ञान शिकवायचं. थंडीत भिमा घोंगडं पांघरून वर्गात आला, तवा पोरं नाक धरून हसली. मास्तर हसलं न्हाईत. त्येनी घोंगडं मागून घेतलं, खिशातला कंगवा त्येच्यावर खसाखसा घासला आन् टेबलावरच्या कागदाच्या कपट्यांवर धरला. कपटं टुणकन उडून कंगव्याला चिकटलं. मग मास्तरनी इचारलं, अंधारात घोंगडं झटकल्यावर काय दिसतं? भिमा म्हणाला, ठिणग्या दिसत्यात, चटचट वाजतंय.

"मग झालं की," मास्तर म्हणालं. "आभाळातली वीज तीच. ती लई मोठी, ही लई बारकी. तुमी धनगर लोक पिढ्यान् पिढ्या खांद्यावर वीज घिऊन हिंडताय, मारायप्पा." मारायप्पा म्हंजे कानडीत बाबा रे.

त्या दिवसापासनं भिमा बदलला. जिच्या भ्यानं लोकांनी त्येला झाडाखालनं हाकललं, ती वीज त्येच्या अंगावरच पांघरलेली निघाली. पुढं त्यो बी.एस्सी. झाला, बी.एड. झाला, वैरागच्या शाळेत मास्तर झाला. सुट्टीत घरी आला की थोरल्याला सगळं सांगायचा. गॅलिलिओनं काय शोधलं, तर मोठा धोंडा आन् बारका खडा वरनं संगं सोडला तर संगंच खाली येतो. दोघा भावांनी हिरीत टाकून बघितलं, डुबुक येकदाच वाजलं. फॅरडेनं तारंच्या वेटोळ्यापाशी लोहचुंबक हलवला आन् वीज पैदा केली, सायकलीचा डायनामो त्याच्यावरच चालतो. आन् अमेरिकेत फ्रँकलिननं ढगात पतंग सोडून दोरीच्या किल्लीतनं ठिणगी काढली, तवा आभाळातली आन् घासल्याली वीज येकच, ह्ये जगाला पटलं. पर तसं कुणी करू नये, भिमा दर वक्ताला बजवायचा, त्या नादात माणसं मेल्यात.

येडूला ही नावं देवाच्या नावासारखी पाठ. मोडनिंबच्या बाजारात मेंढरू इकता इकता त्यो भावाची बढाई मारायचा. येकानं चेष्टा केली, धोंडा खाली पडतो ह्ये कळायला सोलापूरला कशाला जावं लागतंय? येडू म्हणाला, "धोंडा पडतो ह्ये तुला कळतंय. चांद का पडत न्हाय, ह्ये माझ्या भावाला कळतंय."

पर घरी येगळंच. येडूची धाकटी पोर बना, तीबी पायाळू. वळवाचं आभाळ आलं की आज्जी कडी लावायची, आन् बाजारात गॅलिलिओ सांगणारा येडू त्या कडीला हात लावायचा न्हाय. पोरीला बापामागं माळावर जायाचं लई याड.

पंच्याहत्तर सालच्या मे महिन्यात भिमा सुट्टीला आला आन् म्हणाला, बना उद्या आपल्यासंगं येणार. चिमाबाईनं लई आदळआपट केली, पर मास्तरापुढं तिचं काय चालंना.

दुसऱ्या दिवशी दुपारनंतर आभाळ काळं झालं. माळावर येकच झाड, मोठी चिंच. म्हातारा तात्याबा आन् आनखी चार गडी आपापल्या मेंढरासंगट तिच्याखाली शिरलं. तात्याबानं लांबनंच हात केला. "येडू, तू ये. पोरीला आणू नगं. मास्तरालाबी न्हाय."

भिमा शांतपणानं म्हणाला, "आमी येतच न्हाय, तात्याबा. तुमीच भायेर या. उंच येकटं झाड विजंला पयलं घावतं."

तात्याबा खोकत हसला. पायाळवानं विजंचं ग्यान सांगावं, ह्ये त्येला लई झालं.

येडू मधीच हुबा. येकीकडं चिंच, जन्मभराची सवय. दुसरीकडं भाऊ आन् पोरगी, दोन दोन पायाळू. बाजारात बोलणं सोपं होतं, हितं डोक्यावर कडकडत होतं. लोखंड जवळ नगं म्हणून त्येनं खांद्यावरची कुऱ्हाड लांब फेकली, बनाचा हात धरला आन् भावामागं खळग्यात उतरला. ते बघून चौघं गडी चिंचंखालनं निघालं. येडू पोटच्या पोरीला घिऊन बसतोय म्हंजे कायतरी आसंल. येकटा उरल्यावर तात्याबाबी शिव्या देत आला.

भिमानं सगळ्यास्नी लांब लांब बसवलं, पाय जुळवून, अंडं उबवणाऱ्या कोंबडीगत. बनाला त्येनं सांगितलं, उजेड दिसला की बेचा पाढा म्हण, आवाज आला की थांब. उजेड झटक्यात येतो, आवाज मागनं चालत येतो. पयल्यांदा पोरगी बे दुणे चारला थांबली. मग बे पंचे दहावर. मग सगळा पाढा झाला तरी आवाज आला न्हाय.

"आबा," ती बापाला म्हणाली, "वीज लांब चाललीया."

आन् खरंच चालली होती. येडूनं वल्या गालावरनं हात फिरवला. ते पावसाचं पाणी होतं, असं त्यो सांगतो.

आभाळ मोकळं झाल्यावर तात्याबा म्हणाला, "झाड तर धडधाकट हाय की, मास्तर."

"आन् आमी दोघं पायाळूबी धडधाकट हाव की," भिमा म्हणाला. "येकदा बघून काय ठरत न्हाय. बघत ऱ्हायचं."

तात्याबा उठाय गेला आन् तितंच वाकडा झाला. उकिडवं बसून कंबरेत उसण भरली होती. बघंबघंस्तवर त्यो बनापुढं पालथा पडला, घाल म्हणाला येक लाथ.

भिमा तोंड उघडणार होता, लाथंनं उसण जात न्हाय म्हणून. येडूनं त्येला गप केलं. "इज्ञान उद्या सांग. तात्याबा, लाथ मिळंल. पर हितनं फुडं आभाळ आलं की पोरगी तुमच्यासंगं बसंल."

"बसंल, बसंल. घाल, बाय."

बनानं घातली, चांगली दणकून.

दुसऱ्या दिवशी आभाळ आलं, तरी चिमाबाईनं कडी लावली न्हाय. आन् त्या साली पयल्या कातरणीची सगळ्यात मऊ लोकर येडूनं इकली न्हाय. तिचं घोंगडं इनून घेतलं आन् सोता मैंदर्गीला जाऊन रेवणसिद्ध मास्तरांच्या खांद्यावर टाकलं. मास्तरनी तितल्या तितं खिशातनं कंगवा काढला.