मामांनी ओळखलेला घाव

माझे मामा लाकडाच्या वखारीत करवत चालवायचे. तोडलेला बुंधा पाहून कुऱ्हाड कुणाची, हे ते सांगत. कोण डावखुरा, कोण घाईत होता, कुणाची धार गेली होती, सगळं. या विद्येचा त्यांना भारी गर्व. आम्ही चेष्टेत म्हणायचो, मामांना चेहरा दाखवू नका, घाव दाखवा.

माझा बाप जंगलातला दरोडेखोर. पेपरवाले त्याला 'वाळवी' म्हणायचे. अकरा वर्षं त्याने चोरटं लाकूड सरहद्दीपार नेलं, दोन वनरक्षक मारले. त्याचं कौतुक मला कुणी सांगू नये. चार-सहा महिन्यांनी तो घरी यायचा, आणि तो गेल्यावर आई दोन दिवस कुणाशी बोलायची नाही.

पोलीस त्याला डोंगरमाथ्यावरच्या गुहांमध्ये शोधत होते. एकदा पोलीस साहेब जीपमधून ताज्या बुंध्याचा तुकडा घेऊन वखारीत आले.

"तुमच्या दाजींचंच काम ना?"

मामांनी तुकडा उलटसुलट पाहून खाली ठेवला. बहिणीचा संसार आपल्या हातून मोडायचा नाही म्हणून त्यांनी तोंडाला कुलूप लावलं होतं.

साहेब हसले. "नाहीतर कुणा नवशिक्याचं असेल. किती खाली तोडलंय, किती तिरकं."

मामांना राहवलं नाही. "नवशिका? अहो, बसून घातलाय हा घाव. त्याचा उजवा गुडघा गेलाय, म्हणून तिरका पडलाय. बसून इतकं साफ तोडणारा या मुलखात एकच आहे."

बोलून गेले आणि जीभ चावली. गुडघा गेलेला माणूस माथ्यावर कसा चढणार? पोलिसांनी गुहांचा नाद सोडला, ओढ्याकाठच्या झोपड्या धुंडाळल्या. चौथ्या दिवशी बाप गोळी लागून मेला.

त्यानंतर मामा वीस वर्षं जगले, पण धड जगले नाहीत. भर दुपारी करवत थांबवून विचारायचे, "ऐकलंस? कुऱ्हाड चालतेय." कुठे काही नसायचं. पुढे पुढे मलाही ती ऐकू यायला लागली, खोटं कशाला बोलू. आईसमोर त्यांनी कधी मान वर केली नाही. आईनेही त्या विषयावर अवाक्षर काढलं नाही.

मामा गेले त्या आठवड्यात त्यांचे कपडे आवरताना आई म्हणाली, "साहेबांनी मला विचारलं असतं, तर तो कुठे लपतो ते मीच सांगितलं असतं."

मला संताप आला. "मग मामांना एकदा तरी सांगायचंस. झुरून झुरून गेले ते."

आईने शर्टाची घडी घातली.

"तुझ्या बापासाठी कुणीतरी झुरायला हवं होतं," ती म्हणाली. "मला ते जमत नव्हतं."