जुना ड्रायव्हर काढताना

"ताई, मोबाइलचं काय झालं?" वैशाली विचारत होती. तिचा फोन बावड्यात माझ्या मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात कॉम्प्युटरला जोडलेला होता. ती अंथुर्ण्याहून सासऱ्यांच्या फोनवरून बोलत होती.

वैशाली लग्नपत्रिकांचे व्हिडिओ बनवते. हल्ली व्हिडिओ तयार होतानाच फोन अडकायचा. तो तिनं आधीच रूट केलेला. रूट करणं म्हणजे कंपनीनं घातलेलं कुलूप तोडून फोनचा पूर्ण ताबा घेणं. वॉरंटी जाते, पण ग्राफिक्स ड्रायव्हर बदलता येतो. चिपकडून काम करून घेऊन स्क्रीनवर चित्र उमटवतो, तो हा प्रोग्राम.

"जुना ड्रायव्हर काढूनच टाकते," मी म्हणाले. "लय जुना झालाय. मधीच अडकून बसतोय. नवा बसवू, दमदार."

"काढा ताई. मला बी त्याचा वैताग आलाय."

थोड्या वेळानं सासऱ्यांचाच, आबांचा फोन आला. "ताई, आमच्या पोपटला कशापायी काढला?"

"कोण पोपट?"

"ट्रॅक्टरवरचा ड्रायव्हर. किल्ली माझ्याम्होरं ठेवली न् घरला गेला. हितं उसाची ट्रॉली भरून उभी हाय."

मग उलगडा झाला. आबांच्या फोनचा इअर स्पीकर कधीचा गेलाय. दुरुस्तीला द्या म्हटलं तर देत नाहीत, सगळं मोठ्या स्पीकरवर बोलतात. पोपटभाऊ तिथंच अंगणात चहा पीत होते. वैशाली लग्न होऊन आली त्याच्याही आधीपासून ते त्या घरचा ट्रॅक्टर चालवतात. आता तोडलेला ऊस उन्हात वाळणार, वजन घटणार, आणि खापर माझ्यावर फुटणार.

इकडे वैशालीच्या फोनची स्क्रीन काळी. रिंग वाजत होती, चित्र काही दिसेना. नव्या ड्रायव्हरचं आणि तिच्या चिपचं जमलं नव्हतं. नशीब, रूट केलेल्या फोनवर नवा ड्रायव्हर जुन्यावर पांघरुणासारखा घालतात. जुना खाली शाबूत असतो. कॉम्प्युटरवरून पांघरूण ओढलं, फोन उजळला. मला हायसं वाटलं.

मग पोपटभाऊंना फोन लावला.

"भाऊ, तो ड्रायव्हर मोबाइलमधला हाय. तुमचा काय संबंध न्हाय."

"वैशाली बी म्हणली, वैताग आलाय." आवाज दुखावलेला होता. मला वाईट वाटलं.

"फोनचा वैताग हो, तुमचा न्हाय."

त्यांनी विचारलं, "मग त्यो नवा चालतुय का?"

"न्हाय. समदा पडदा काळा केला. जुनाच परत चालू केला."

"आसंच असतंय," पोपटभाऊ म्हणाले. दुपारी ट्रॉली कारखान्याकडं निघाली.

जुना शाबूत ठेवल्याशिवाय नव्याला हात लावायचा नाही, हे आमच्या धंद्यात सगळेच शिकतात. समोरचा स्पीकरवर आहे का, हे आधी विचारावं, हे मी त्या दिवशी शिकले.

पुढं त्या चिपला चालणारा ड्रायव्हर मिळाला. तिचा फोन अजून दुकानातच होता, म्हणून आबांच्याच फोनवर वैशालीला विचारलं, टाकू का?

"टाका," ती हळूच म्हणाली. "पण आता मेसेजवर बोला. पोपटमामा हितंच चहा घ्यायलेत."