आर्थरआजोबांचा हरवलेला मतदारसंघ

किआ ओरा मंडळी! शिफ्ट संपवून गाडीत बसल्या बसल्या लिहितेय.

न्यूझीलंडमधल्या टौरंगाच्या एका रेस्ट होममध्ये, म्हणजे वृद्धाश्रमात, मी नर्स आहे. आर्थर हे आमच्याकडचे नव्वदीचे आजोबा, मूळचे इंग्लंडमधल्या नॉरफक काउंटीचे. तिकडे मतदान झालं आणि आज दुपारी निकाल येत होते. त्यांचा चष्मा दुरुस्तीला गेलाय, म्हणून मला म्हणाले, "माझ्या गावचं काय झालं, वाचून दाखव ना."

मी फोनवर काउंटीतल्या मतदारसंघांची यादी उघडली. त्यांनी सांगितलेलं नाव त्यात कुठेच नव्हतं. पटकन बोलून गेले, "आर्थर, तुमचा मतदारसंघच नाहीये."

चेहरा असा पडला त्यांचा! जीभ चावली मी. माझ्या माहेरचा मतदारसंघही पुनर्रचनेत असाच गेला होता आणि बाबा दोन दिवस धुसफुसत होते. मला तरी कळायला हवं होतं.

मग विचारलं, "पोस्टकोड आठवतोय?" सकाळी काय खाल्लं ते न आठवणाऱ्या माणसाने तो घडाघडा म्हणून दाखवला. गाव शेजारच्या मतदारसंघात सापडलं. मी चाचरतच सांगितलं, "तुमच्या पक्षाचा उमेदवार पडला."

आर्थर खुदकन हसले. "पडला ना? आमचा माणूस तिथे कायम पडतो. म्हणजे गाव तेच आहे!"

भारताचा पासपोर्ट मी केव्हाच परत केला, त्याबरोबर मतही गेलं. माहेरीसुद्धा आता कोणी राहत नाही. तरी निकालाच्या दिवशी माझं बोट आधी तिथेच जातं.

तुमचं कुठे जातं?